जागच्या जागी

फंक संगीत पहिल्यांदा ऐकणाऱ्या आपल्याकडच्या माणसाची एक तक्रार हमखास असते: गाणं पुढेच सरकत नाही. मुखडा झाला की अंतरा यावा, अंतऱ्यात सूर वर चढावा, मग फिरून घरी यावं, ही आपल्या कानाची सवय. इथे तसलं काही घडत नाही. बेस गिटारवर चार-सहा सुरांची एक ओळ सुरू होते आणि शेवटपर्यंत तीच राहते. तिच्यावर ड्रम, मध्ये गिटारची चिकचिक, अधूनमधून ट्रम्पेटांचा एक फटकारा. गाण्याला कुठे जायचं नसतं, काही सिद्ध करायचं नसतं. आणि तरी पाच मिनिटांनी बघावं तर मान हलतेय, टाच हलतेय, आणि हे आपल्याला न विचारता कधी सुरू झालं ते कळलेलं नाही.

जेम्स ब्राउनने १९६७ साली ‘कोल्ड स्वेट’ केलं तेव्हापासून या संगीताचं व्याकरण ठरत गेलं, असं जाणकार मानतात. वादकांना त्याचं एकच सांगणं असे: पहिल्या मात्रेवर या. मधे काय वाजवायचं ते वाजवा, पण पहिलीवर सगळे एकत्र. हे गिरगावात वाढलेल्या माणसाला समजावून सांगावं लागत नाही. ती सम आहे. फरक एवढाच, की विलंबित ख्यालात समेची वाट पाहायची असते, गवई हुलकावण्या देतो, आपण जीव मुठीत धरून बसतो. इथे दर चार मात्रांनी सम हजर. मैफलीत ‘वा’ म्हणताना जी मान खाली येते, ती इथे दर दोन सेकंदांनी येते. वाट पाहण्याचा आनंद काढून घेतला आणि पोचण्याचा आनंद पुन्हापुन्हा हातावर ठेवला.

हे संगीत मुंबईत कधी झालं, असं मला कुणी विचारलं तर मी ‘डॉन’चं नाव घेतो. संगीतकार पंचमचे भक्त भुवया उंचावतात. त्यांचं म्हणणं मला मान्यही आहे. पंचमने ताल या गोष्टीचा जेवढा खेळ केला तेवढा दुसऱ्या कुणी केला नसेल. पण ‘डॉन’ची तबकडी लावली की मला जे ऐकू येतं ते वेगळं. तिथे ताल खेळत नाही. तो ठाण मांडून बसतो.

‘डॉन’ १२ मे १९७८ ला लागला. छायालेखक नरिमन इराणी निर्माते झाले, एका पडलेल्या चित्रपटाच्या कर्जात बुडाले, आणि मित्रांनी त्यांना वर काढण्यासाठी हा चित्रपट उभा केला. सलीम-जावेदची संहिता दुसऱ्या कुणाला नको होती. दिग्दर्शक चंद्रा बारोट नवखे. चित्रपट पुरा होण्याआधीच इराणी अपघातात गेले. अशा ओढाताणीत तयार झालेल्या चित्रपटात गाणी पाच. दोन गीतकार, अंजान आणि इंदीवर. संगीत कल्याणजी-आनंदजींचं.

हे दोघे भाऊ गिरगावात वाढले. वडील वीरजी शहा कच्छहून आले आणि त्यांनी मुंबईत किराणा दुकान घातलं. दुकानाचा एक गिऱ्हाईक उधारी चुकवू शकेना, तेव्हा पैशांच्या बदल्यात पोरांना गाणं शिकवतो म्हणाला. आणि त्या मास्तरलाही गाणं यथातथाच येत होतं, अशी गोष्ट सांगतात. गोष्ट खरी असो वा रंगवलेली, ती गिरगावची आहे यात शंका नाही. गाणं या भागात असंच मिळायचं, कुणाच्या तरी उधारीतून, भिंतीपलीकडून, जिन्यातून. ऑपेरा हाउसजवळ प्रा. बी. आर. देवधरांचं संगीत विद्यालय, जिथे कोवळ्या वयाचे कुमार गंधर्व शिकले. केळेवाडीत साहित्य संघाचं नाट्यगृह. चार गल्ल्या ओलांडल्या की कावेल आणि धोबीतलाव, तिथे गोव्याहून आलेल्यांचे कूड, एकेका खोलीत कितीतरी ट्रंका आणि त्यांतल्या काहींवर ट्रम्पेटची पेटी. एका अंगाला तानपुरा जुळवतायत, दुसऱ्या अंगाला कुणी चर्चमध्ये शिकलेल्या स्टाफ नोटेशनवरून सॅक्सोफोन घोकतोय, आणि मधल्या बाजारात कच्छी, गुजराती, मराठी गिऱ्हाइकांची गर्दी. या मधल्या बाजारात कल्याणजी-आनंदजींचे कान तयार झाले.

दुकानदाराच्या पोरांचा एक गुण त्यांच्या संगीतात शेवटपर्यंत राहिला असं मला वाटतं. गिऱ्हाइकाला काय हवंय ते आधी बघायचं. १९५४ च्या ‘नागिन’मध्ये हेमंतकुमारांना पुंगी हवी होती, कल्याणजींनी ती क्लॅव्हियोलिन नावाच्या परदेशी विजेरी वाद्यावर वाजवून दिली आणि त्या ‘बीन’वर सारा देश डोलला. ‘सरस्वतीचंद्र’ला शालीन, जुन्या वळणाच्या चाली हव्या होत्या, त्या दिल्या, आणि संगीत दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार घेऊन आले. ‘कोरा कागज’ला एकटेपणा हवा होता, त्याला फिल्मफेअर मिळालं. मुकेशच्या आवाजातली त्यांची उदास गाणी आजही रात्री रेडिओवर लागतात. म्हणून समीक्षकांच्या वहीत त्यांची नोंद ‘गोड, सोपे, भारतीय’ अशी झाली. याच दुकानाच्या मागच्या फळीवर दुसराही माल होता. १९७२ च्या ‘अपराध’मध्ये, १९७५ च्या ‘धर्मात्मा’मध्ये तो थोडा थोडा बाहेर आला, आणि ‘डॉन’मध्ये सगळा.

तो माल अमेरिकेतून आला होता हे लपवण्यात अर्थ नाही. १९७१ साली आयझॅक हेजचं ‘शाफ्ट’ आलं, पुढच्या वर्षी कर्टिस मेफिल्डचं ‘सुपर फ्लाय’. काळ्या वस्त्यांतल्या गुन्हेगारांचे, गुप्तहेरांचे चित्रपट. आणि त्यांच्या संगीतात हाय-हॅटची अखंड टिकटिक, पायाने दाबायच्या वाह-वाह पेडलमधून मांजरासारखी गुरगुरणारी गिटार. तिकडे ते संगीत एका समाजाच्या रागातून आणि ऐटीतून आलेलं होतं. आपल्याकडे ते खलनायकाच्या अड्ड्यावर, हॉटेलातल्या नाचात आणि मोटारींच्या पाठलागात नोकरीला लागलं. पण नोकरीत शिरलेला माणूस कधीकधी घराचा ताबा घेतो, तसं ‘डॉन’मध्ये झालं.

‘ये मेरा दिल’ घ्या. गाणं इंदीवरांचं, आवाज आशाबाईंचा, पडद्यावर हेलन. प्रसंग काय? कामिनीला डॉनचा सूड घ्यायचाय. पोलिस येईपर्यंत त्याला खोलीत अडकवून ठेवायचंय. म्हणजे या गाण्याचं काम कथा पुढे नेण्याचं नाही, ती थोपवून धरण्याचं आहे. एका धोकादायक माणसाला एका खोलीत, आहे तिथेच, काही मिनिटं खिळवून ठेवायचं. यासाठी फंकपेक्षा योग्य संगीत कुठलं? सुरुवातीची ती व्हायोलिनांची झपाट्याने उतरणारी ओळ, खाली बेस, आणि आशाबाईंचा आवाज चालीपेक्षा ठेक्यावर रेलून चाललेला. शब्दाच्या शेवटी त्या श्वास असा सोडतात, की तोही ड्रमच्या सेटमधलं एक वाद्य वाटावं. गाणं गोल फिरत राहतं. डॉन निघू बघतो, आणि चार मात्रांनी पुन्हा सम येते.

हे वाजवलं कुणी? त्या काळच्या पद्धतीप्रमाणे एका मोठ्या हॉलमध्ये सगळे वादक एकत्र बसायचे. व्हायोलिनवाले एका बाजूला, ब्रास दुसऱ्या, तालवाद्यं पडद्याआड, गायिका काचेपलीकडे. एकाचं चुकलं की सगळ्यांनी पुन्हा. संगीतकार हार्मोनियमवर चाल सांगणार, अरेंजर ती कागदावर उतरवून भाग वाटणार, वादक पाळी संपली की पैसे घेऊन दुसऱ्या स्टुडिओकडे पळणार. ताडदेवचं फिल्म सेंटर, परळचं राजकमल, महालक्ष्मीचं फेमस ही त्यांची पायाखालची वाट. यांतले कितीतरी जण कावेल-धोबीतलावच्या खोल्यांतून निघालेले. या दोघा भावांचा तिसरा धाकटा भाऊ, लक्ष्मीचंद उर्फ बाबला, तालवाद्यांचा दर्दी. पुढे त्याने ‘डिस्को दांडिया’च्या तबकड्या काढून गुजराती गरब्याला विजेचा झटका दिला, आणि पत्नी कंचनबरोबर त्रिनिदाद-गयानापर्यंत गाजला. घरातच असा माणूस असल्यावर ठेका ही मागाहून टाकायची फोडणी उरत नाही. तो आधी ठरतो.

आणि तरी तबकडीच्या वेष्टणावर ठेका धरणाऱ्यांची नावं नाहीत. संगीतकार, गीतकार, गायक, यादी संपली. यात कुणा एकाचा दुष्टपणा नव्हता. आपण गाणं ज्या क्रमाने ऐकतो त्याच क्रमाने नावं छापली गेली.

मग स्वागत कसं झालं? त्या वर्षीच्या फिल्मफेअरमध्ये ‘डॉन’च्या गाण्यांना दोन पारितोषिकं मिळाली, दोन्ही गळ्यांना: ‘ये मेरा दिल’साठी आशा भोसले, ‘खइके पान बनारसवाला’साठी किशोरकुमार. संगीत दिग्दर्शनाचं पारितोषिक ‘सत्यम् शिवम् सुंदरम्’साठी लक्ष्मीकांत-प्यारेलालना गेलं, जे एके काळी याच भावांचे साहाय्यक होते. रेडिओ सिलोनवर अमीन सयानींच्या बिनाका गीतमालेत १९७९ च्या वार्षिक यादीत पहिलं आलं ते ‘खइके पान’. हे गाणं मुळात चित्रपटात नव्हतंच. चित्रपट पाहून मनोजकुमारांनी उत्तरार्धात प्रेक्षकाला जरा दम खाऊ द्या असं सुचवलं, म्हणून ते नंतर घातलं, आणि किशोरकुमारांनी खरोखरचं पान तोंडात कोंबून ते गायलं, असं सांगतात. म्हणजे तबकडीतलं सर्वांत गाजलेलं गाणं तेच, जे कथेला एका जागी थांबवायला आणलं गेलं.

जाणकारांनी मात्र या तबकडीकडे कान दिला नाही. आपल्याकडे चित्रपटगीतांवर जे प्रेमाने, रसाळपणे लिहिलं गेलं ते चालीवर, शब्दांवर, गळ्यावर. मराठीत तर भावगीत आणि नाट्यपद यांच्या मापानेच बाकी सगळं मोजायची रीत. ठेका म्हणजे चालीच्या पाठीमागून सामान घेऊन येणारा गडी. तो पुढे झाला तर त्याला उद्धट म्हणायचं. ज्या गाण्यात तो यजमान आहे, ते गाणं या मापाला रितंच दिसणार. चालीत फारसं काही नाही, शब्दांत फारसं काही नाही. मग आहे काय? आहे ते कमरेखाली आहे, आणि तिथलं लिहायचं नाही असा संकेत.

वीसेक वर्षांनी अमेरिकेतून दुसरं मत आलं. १९९० च्या दशकाच्या अखेरीस न्यूयॉर्कच्या मोटेल रेकॉर्ड्सने ‘बॉम्बे द हार्ड वे’ नावाची सीडी काढली. डॅन द ऑटोमेटर या निर्मात्याने, डीजे शॅडोला सोबत घेऊन, कल्याणजी-आनंदजींच्या चित्रपटांतले पार्श्वसंगीताचे तुकडे उचलले, त्यांवर नवे ड्रम चढवले. ‘डॉन’ची धून त्यात होतीच. ती ऐकून तिकडच्या तबकड्या धुंडाळणाऱ्यांचे डोळे विस्फारले. त्यांनी आपल्या समीक्षकांच्या उलट केलं: गाणं बाजूला काढलं आणि ठेका ठेवला. दाद खरी होती. पण तुकड्यांना नावं काय दिली? ‘द गुड, द बॅड अँड द चटणी’, ‘फिस्ट्स ऑफ करी’. ज्या गिरगावात या संगीताचे कान घडले तिथल्या माणसाला आपल्या घराचं नाटक लागलंय असं वाटावं. त्यांच्यासाठी ते गमतीचं, लांबचं, मसालेदार होतं. कावेलच्या वादकासाठी ती मंगळवारची पाळी होती.

२००५ साली ब्लॅक आइड पीजनी ‘ये मेरा दिल’ आणि ‘अपराध’मधलं ‘ऐ नौजवान’ एकत्र विणून ‘डोन्ट फंक विथ माय हार्ट’ केलं. पुढच्या वर्षी त्याला रॅप विभागात ग्रॅमी मिळालं. गीतकारांच्या नामावळीत इंदीवर आणि कल्याणजी-आनंदजी. इंदीवर १९९७ साली गेले होते, कल्याणजी २००० साली. किराणा दुकानातलं पार्सल उलट्या दिशेने पोचलं, तेही त्याच देशात, जिथून कच्चा माल आला होता. वर्तमानपत्रांत अभिमानाचे मथळे आले. मला अभिमानापेक्षा कुतूहल अधिक वाटलं: या गाण्यात काहीतरी आहे हे पटायला आपल्याला ग्रॅमी का लागावं?

कारण लालबाग-परळला ते कधीच पटलेलं होतं.

तिथला बेंजो जवळून बघितलाय का कधी? मूळचा जपानी. नागोयाच्या गोरो मोरिता यांनी १९१२ साली तायशोगोतो नावाचं वाद्य बनवलं. ते फिरत फिरत आपल्याकडे आलं आणि बुलबुलतरंग झालं. लाकडी पेटी, तिच्यावर तारा, तारांवर टाइपरायटरसारखी बटणं. डाव्या हाताची बोटं बटणांवर पळतात, उजव्या हातात प्लॅस्टिकची पट्टी, तिने तारा छेडायच्या. गिरणगावातल्या पोरांनी त्याला पिकअप बसवला, वायर टेम्पोवरच्या अँप्लिफायरला जोडली, आणि बैठकीतलं ते नाजूक वाद्य भोंग्यातून किंचाळायला लागलं. पट्टीचा फटका इतका तुटक असतो की सूर लांबवताच येत नाही. मींड नाही, गमक नाही. एकेक सूर तुकडा होऊन पडतो. म्हणजे हे वाद्य जन्मानेच तालाचं. त्याच्या मागे ढोल, ताशा, खुळखुळा, पुढे पुढे ऑक्टोपॅड. आणि त्यावर ‘डॉन’ची गाणी अशी बसतात, जणू त्या वाद्यासाठीच बांधली होती.

आणि लालबागची मिरवणूक तरी काय करते? अनंत चतुर्दशीला सकाळी निघालेला लालबागचा राजा गिरगाव चौपाटीला पोचतो दुसऱ्या दिवशी. एवढ्याशा अंतराला वीस-वीस तास लागतात, ते चालण्यात जात नाहीत. थांबण्यात जातात. भायखळ्याच्या नाक्यावर पाऊण तास, पुढच्या चौकात अर्धा. पाय अखंड हलतायत आणि माणूस आहे तिथेच. दहा बाय बाराच्या खोलीत सात-आठ जणांचा संसार करणाऱ्यांना, तीन पाळ्यांत एकाच साच्यासमोर उभं राहणाऱ्यांना, एवढ्याशा जागेत अंगाला वाव कसा द्यायचा हे कुणी शिकवावं लागत नव्हतं. १८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला, साचे थांबले, पुढे गिरण्याच गेल्या. बेंजो पार्ट्या राहिल्या.

या नाचाचा मूळ पुरुष भगवानदादा. गिरणी कामगाराचा मुलगा, दादर-परळच्या वस्तीत वाढलेला. १९५१ च्या ‘अलबेला’त सी. रामचंद्रांच्या गाण्यांवर तो जे नाचला त्यात उड्या नाहीत, गिरक्या नाहीत. खांदे, मनगटं, गुडघ्यांची जराशी लवण. सगळं एका फरशीवर. आणि त्या गाण्यांतल्या ट्रम्पेटामागे चिक चॉकलेट, गोव्याचा जॅझवाला. म्हणजे परळचं अंग आणि गोव्याचा ब्रास यांची गाठ ‘डॉन’च्या सत्तावीस वर्षं आधीच पडली होती. अमिताभच्या नाचात भगवानदादा दिसतात असं लोक म्हणतात. ‘खइके पान’ बघताना मलाही ते दिसतात. दादरला भगवानदादांच्या घरावरून मिरवणूक गेली की ती थांबायची, त्यांचं गाणं वाजायचं आणि म्हातारे दादा दोन पावलं टाकायचे, ही आठवण त्या भागात अजून निघते.

आमच्या ओळखीचे एक बेंजोवाले मामा आहेत, लालबागचे. गिरणीतून सुटल्यावर आयुष्यभर हेच केलं. त्यांना मी एकदा माझा सगळा सिद्धान्त ऐकवला, जेम्स ब्राउनसकट. त्यांनी पट्टी पुसत शांतपणे ऐकून घेतलं. मग विचारलं, “नाचणारे दमले की आम्ही काय करतो, माहितेय का तुला?”

“ठेका बदलता?”

“छे! ठेक्याला हात लावायचा नाही. ठेका तुटला की माणूस पाणी प्यायला जातो, तो परत येत नाही. ठेका तोच ठेवायचा, वरचं गाणं बदलायचं. ‘पान’ वाजवत असलो तर कोळीगीत घालायचं, कोळीगीत असेल तर आरती. पायाला कळतसुद्धा नाही.”

चालीला मुख्य आणि ठेक्याला दुय्यम मानणारं आपलं सारं समीक्षाशास्त्र मामांनी एका वाक्यात पालथं घातलं होतं. फिल्मफेअरने गळा ऐकला, अमेरिकेने ठेका ऐकून त्याला करीचं नाव दिलं. लालबागने दोन्ही ऐकलं आणि कुठलं आधी ते बरोबर ओळखलं. ‘डॉन’ ही अभिजात तबकडी आहे की नाही, यावर पुढेमागे कुणी मराठीत नीट लिहीलच. त्याने सुरुवात मामांच्या वाक्यापासून करावी, आणि वेष्टणावर न छापलेल्या ड्रमवाल्याचं, बेसवाल्याचं नाव शोधून ते यादीत पहिलं घालावं. समेवर तेच आधी आले होते.